पियानो विरल्यावर

प्रिय दोस्त,

सगळे रॉक अल्बम फ्लॅकमध्ये (आवाजातलं काहीही न गाळता फाईल लहान करणाऱ्या फॉरमॅटमध्ये) आणल्याचं कळवलंस, आणि वर "फरक का जाणवत नाही?" असंही विचारलंस. आधी माझाच पराक्रम सांगतो. एकेकाळी मी सगळ्या सीडींच्या १२८ केबीपीएसच्या (सेकंदाला १२८ किलोबिट) एमपीथ्री, म्हणजे आवाजातलं बरंच गाळून लहान केलेल्या फायली, करून सीडी वाटून टाकल्या. पुढे पस्तावलो, तेव्हा त्याच एमपीथ्रींच्या फ्लॅक केल्या! फायली फुगल्या, आवाज जिथल्या तिथे. एकदा गाळलेलं परत येत नाही. तेव्हा तुझ्या फायली मुळात कशावरून केल्यात ते बघ. स्पेक्ट्रोग्राममध्ये (आवाजातल्या वारंवारिता दाखवणाऱ्या चित्रात) १६ किलोहर्ट्झच्या वरचं सगळं सुरीने कापल्यासारखं दिसलं, तर बहुधा माझ्यासारखाच कुणी शहाणा भेटलाय.

फ्लॅक आवाज सुधारत नाही. सीडीवरचा १,४११ केबीपीएसचा ऐवज जसाच्या तसा ठेवून जागा तेवढी वाचवतं, बऱ्याचदा निम्म्याच्या आसपास. चांगल्या एन्कोडरची (एमपीथ्री बनवणाऱ्या प्रोग्रामची) ३२० ची एमपीथ्री आणि फ्लॅक यांतलं कुठलं कोणतं, हे मला बहुतेक वेळा ओळखता येत नाही. तूही एबीएक्स चाचणी (कोणती फाईल वाजतेय हे न सांगता नुसत्या कानाने ओळखायची) करून बघ. फक्त दोन्हींची पातळी सारखी ठेव, नाहीतर किंचित मोठं वाजणारंच कानाला सरस वाटतं.

या मोठ्या आवाजाच्या मोहानेच बऱ्याच रीमास्टरांची (जुन्या रेकॉर्डिंगवरून नव्याने तयार केलेल्या आवृत्त्यांची) वाट लावली. हळू भाग वर ओढायचे, ठोक्यांची टोकं छाटायची. मग ड्रमचा दणका आणि मागची गिटार एकाच उंचीवर. अशी आवृत्ती २४ बिटमध्ये (सीडीपेक्षा बारीक मोजमापात) घेतलीस तरी चेपलेली ती चेपलेलीच. सगळेच रीमास्टर वाईट नसतात, पण एकाच अल्बमच्या दोन-तीन आवृत्त्या ऐकल्याशिवाय फॉरमॅटवर भांडू नकोस.

ब्लूटूथवर गाणं बहुतेक वेळा पुन्हा लॉसी होऊनच (काही भाग गाळूनच) जातं, म्हणून वायर लाव. शफल बंद, गॅपलेस (दोन गाण्यांमध्ये खंड न पाडणारी सोय) चालू. बीटल्सच्या 'अ‍ॅबी रोड'च्या (१९६९) दुसऱ्या बाजूची गाणी एकमेकांत शिरतात. एमपीथ्रीत एन्कोडर दोन्ही टोकांना थोडी शांतता चिकटवतो. प्लेअरने ती काढली नाही तर नेमक्या सांध्यावर ठेच लागते. फ्लॅकमध्ये ती भानगडच नाही.

आता त्यांचाच 'सार्जंट पेपर्स' (१९६७) लाव. शेवटचा पियानोचा कॉर्ड चाळीसहून अधिक सेकंद विरत जातो. तो विरत असताना रेकॉर्डिंगची पातळी वर वर नेत होते, म्हणून अगदी शेवटी एक खुर्ची करकरलेली ऐकू येते. मला ती पहिल्यांदा ऐकू आली तेव्हा मी स्वतःच्याच खुर्चीकडे पाहिलं होतं.

त्यानंतर, बऱ्याच सीडी आवृत्त्यांवर, सुमारे १५ किलोहर्ट्झची एक बारीक शिट्टी आहे. मागाहून अचानक बडबड सुरू होते, तेव्हा आवाज बेताचा ठेव. माझ्या कानांना ती शिट्टी आता अजिबात ऐकू येत नाही. तुला येते का, तेवढं कळव.

तुझा,
काका