वसंत देसाई फक्त रागदारीतलेच संगीतकार होते का?

नाही हो. ‘झनक झनक पायल बाजे’ (1955) आणि बिस्मिल्ला खाँची सनई असलेला ‘गूँज उठी शहनाई’ (1959) यांमुळे तसा शिक्का बसलाय, एवढंच.

आमच्या आटपाडीकडच्या माणसाला विचाराल तर तो आधी ‘दो आँखें बारह हाथ’चं (1957) नाव घेईल. त्या गोष्टीचं मूळ इथलंच, औंध संस्थानाने स्वतंत्रपूरला चालवलेली कैद्यांची खुली वसाहत. त्यातलं ‘ऐ मालिक तेरे बंदे हम’ आम्ही शाळेत रोज म्हणायचो. रांगेत पाय भाजत असायचे, निम्म्यांना हिंदी कळायचं नाही, पण सूर कुणाचा चुकत नसे. दोनशे बेसूर पोरांना एकत्र गाता येईल अशी चाल बांधणं हे मला तरी तानांपेक्षा अवघड वाटतं.

‘गुड्डी’त (1971) तर दोन्ही टोकं एकाच सिनेमात आहेत: ‘हमको मन की शक्ति देना’ ही साधी प्रार्थना आणि वाणी जयरामकडून गाऊन घेतलेला ‘बोले रे पपीहरा’, चक्क मियाँ मल्हार रागात.

मराठीत ‘अमर भूपाळी’ (1951) आणि ‘श्यामची आई’ (1953) त्यांचेच. सुरुवात ‘प्रभात’ फिल्म कंपनीमध्ये, तिथे पडेल ते काम, पडद्यावर छोट्या भूमिकासुद्धा. 1966 साली एम. एस. सुब्बुलक्ष्मींनी संयुक्त राष्ट्रांत गायलेल्या ‘मैत्रीं भजत’ या संस्कृत प्रार्थनेची चालही यांचीच, हे मलाही फार उशिरा कळलं. 1975 मध्ये मुंबईत लिफ्टच्या अपघातात गेले.