अठरा पूर्ण व्हायच्या आधी

प्रिय ताई,

(तिथली पोरं तुला याच नावानं हाक मारणार, तेव्हा मीही सवय करून घेतो.)

बालगृहातल्या मोठ्या मुलांना शनिवार-रविवारी काय शिकवू, असं तू विचारलंस. सोबतचा तक्ताही पाहिला. व्यक्तिमत्त्व विकास, संवादकौशल्य, वेळेचं नियोजन, मुलाखतीची तयारी. त्यात वाईट काही नाही. पण ही मुलं भाषणं ऐकण्यात फार तरबेज असतात. कुणी ना कुणी येतं, प्रोजेक्टर लावतं, टाळ्या वाजवून घेतं, फोटो काढून निघून जातं. तुझा तक्ताही त्यातच जमा होईल. माझी सगळी नोकरी आयटीआयमध्ये निदेशक म्हणून गेली. कानस कशी धरायची हे फळ्यावर कितीही नीट काढलं तरी पोराला कळत नाही, ती त्याच्या हातात द्यावी लागते. तुझ्या कामाचंही तसंच आहे.

बालगृहात मुलाला स्वतः काही ठरवावं लागत नाही. उठायचं कधी, भाजी कोणती, कपडे कोणते, शाळा कोणती, सगळं ठरलेलं. देणगीदार वाढदिवसाला केक आणतात, मुलं रांगेत उभी राहून गाणं म्हणतात आणि थँक्यू म्हणतात. लोकांचे केक पोटभर खाल्लेल्या या पोरानं दुकानात जाऊन स्वतःसाठी दहा रुपयांचं पेनसुद्धा निवडलेलं नसतं. आणि अठरा सरली की बालगृह सुटतं, मग यानंच खोली शोधायची, पगार पुरवायचा, चांगला माणूस कोण आणि फसवणारा कोण हेही ओळखायचं. तुझ्याकडे सोळा-सतरा वर्षांची मुलं आहेत. जे काही करायचं ते या दोन वर्षांत.

तेव्हा पहिलं काम: पैसे त्यांच्या हातात दे. अधीक्षकांची लेखी परवानगी घे, दोघा-तिघांना घेऊन नागपुरातल्या सीताबर्डीच्या बाजारात जा. प्रत्येकाला एक शर्ट घ्यायचाय, पैसे त्याच्या खिशात, भाव त्यानंच करायचा. तू चार पावलं मागे. भडक रंग घेतला, महाग घेतला, पहिल्याच धुण्यात विटला, तरी बोलू नकोस. पुढच्या खेपेला तोच तुला कापड चोळून दाखवेल. परतताना मेट्रोचं तिकीटही त्यालाच काढू दे. मशीनसमोर गोंधळला तर मागचे लोक चुळबुळ करतील, करू देत.

स्वयंपाकाचंही तसंच. बहुतेक ठिकाणी मुलांना स्वयंपाकघरात येऊ देत नाहीत, आणि भाजण्याची भीती खरीच आहे. तरी महिन्यातून एखादा रविवार मागून घे. मोठ्या पातेल्यातलं वरण रोज खाणाऱ्या मुलाला एकट्यासाठी डाळ किती घ्यायची याचा अंदाज नसतो. बाहेर पडलेल्या एका मुलानं पहिल्याच दिवशी एवढा भात शिजवला होता, की शेजारच्या खोलीतल्या पोरांना बोलवावं लागलं. दोस्ती मात्र झाली.

आता कागदपत्रं. हे कंटाळवाणं आहे, आणि घात इथंच होतो. म्हणून लांबण लावतो.

प्रत्येक मुलाची एक प्लास्टिकची फाईल कर. त्यात काय आहे, काय नाही, हे त्यालाच लिहायला लाव. आधार कार्ड बहुतेकांकडे असतं, पण त्याला जोडलेला मोबाईल नंबर कुणाचा, हे विचार. अठरा वर्षांखालच्याला स्वतःच्या नावावर सिम मिळत नाही, म्हणून तिथे एखाद्या कर्मचाऱ्याचा नंबर दिलेला असतो. त्या माणसाची बदली झाली की ओटीपी बदलीच्या गावी जातो आणि मुलगा फॉर्मसमोर बसून राहतो. अठरावा वाढदिवस झाला की पहिल्या आठवड्यात दोन कामं: स्वतःचं सिम, आणि तो नंबर आधारला. पंधराव्या वर्षी बोटांचे ठसे आणि डोळ्यांची नोंद नव्यानं करावी लागते, तीही झाली का ते बघ. नावाचं स्पेलिंग आधारवर एक, शाळेच्या दाखल्यावर दुसरं, असं निम्म्या फायलींत निघालं तरी दचकू नकोस. जन्मतारखेचं तर विचारूच नको. रेल्वे स्टेशनवर सापडलेल्या मुलाची तारीख कुणीतरी अंदाजानं लिहिलेली असते. कायदा आधी शाळेचा किंवा दहावीचा दाखला मानतो, तो नसेल तर महापालिकेचा किंवा ग्रामपंचायतीचा जन्मदाखला, आणि दोन्ही नसतील तेव्हाच डॉक्टरी तपासणी. म्हणून दहावीचा फॉर्म भरताना नाव आणि तारीख अक्षर अक्षर तपास. नंतरची दुरुस्ती माणसाला रडवते.

दहा वर्षांवरच्या मुलाला स्वतः चालवायचं बचत खातं उघडता येतं. ते आत्ताच उघड. अठरा झाल्यावर बँक नव्यानं सही आणि केवायसी मागते. ते केलं नाही तर खातं अडकतं, आणि ते पहिल्या पगाराच्या दिवशीच कळतं.

दोन्ही पालक वारलेल्या मुलांसाठी अनाथ प्रमाणपत्र काढायचं असतं. महाराष्ट्र शासनानं २०१८ साली अनाथांना शिक्षणात आणि नोकरीत एक टक्का समांतर आरक्षण दिलं. ते हवं तर हा कागद हवाच. जिल्हा महिला व बाल विकास अधिकाऱ्यांच्या कार्यालयात चौकशी कर. पण एक लक्षात ठेव, बालगृहातली सगळी मुलं अनाथ नसतात. कुणाची आई असते, कुणाचे वडील तुरुंगात असतात, कुणाला घरी ठेवणं धोक्याचं असतं. "तुम्ही अनाथ मुलं" अशी सुरुवात करणाऱ्या पाहुण्याकडे ही पोरं कशी बघतात, ते एकदा पाहा.

शिक्षणाबद्दल मी आयटीआयवाला, तेव्हा माझं माप त्या बाजूला झुकलेलं आहे असं समजून वाच. हिशेब असा. सोळाव्या वर्षी दहावी झाली, इलेक्ट्रिशियन किंवा फिटर घेतला, तर दोन वर्षांत अठरा पूर्ण आणि सर्टिफिकेट हातात. पण यांची मधली एक-दोन वर्षं घर सुटण्यात, शाळा बदलण्यात गेलेली असतात. म्हणजे ट्रेडच्या ऐन मध्यावर अठरा पूर्ण होतात आणि बालगृह सोडायची वेळ येते. नेमका तिथेच मुलगा आयटीआय सोडतो आणि हॉटेलात कामाला लागतो. ज्यांचं असं होणार आहे त्यांची यादी आजच कर. त्यांच्यासाठी वेल्डरसारखा एक वर्षाचा ट्रेड बघ, नाहीतर पुढची सोय आधीच लाव. दहावीत अडकलेल्यांनाही वेल्डर, वायरमन अशा काही ट्रेडना प्रवेश मिळतो, हे मुलांना कुणी सांगत नाही. श्रद्धानंदपेठेतल्या शासकीय आयटीआयचं वर्कशॉप त्यांना एकदा आतून दाखव. लेथचा आवाज ऐकून घाबरणारा कोण आणि पुढे सरकणारा कोण, हे त्या तासाभरात कळतं. कुठल्याही कलचाचणीपेक्षा माझा त्यावर जास्त विश्वास. आणि कुणाला बीए करायचं असेल, पोलीस भरतीला पळायचं असेल, तर "आधी पोटापाण्याचं बघ" असं म्हणू नकोस. मुक्त विद्यापीठ त्यासाठीच आहे. घरच्या मुलांना स्वप्नं बघायची मुभा आणि यांना मात्र शिलाई मशीन, हा न्याय मला कधी पटला नाही.

पुढची सोय म्हणजे काय? २०१५ च्या बाल न्याय कायद्यात अनुरक्षणाची तरतूद आहे. बालगृह सोडलेल्या मुलामुलींना अठरा ते एकवीस, आणि अपवादात्मक परिस्थितीत तेवीसपर्यंत आधार देता येतो. केंद्र सरकारच्या मिशन वात्सल्य योजनेत त्यासाठी दरमहा ४,००० रुपयांची तरतूद आहे. मुलींसाठी, मुलांसाठी अनुरक्षण गृहं असतात. पण अर्ज आणि बालकल्याण समितीचा (अशा मुलांबद्दलचे निर्णय घेणारी जिल्ह्याची समिती) आदेश असल्याशिवाय यातलं काही आपोआप चालत येत नाही. नियम म्हणतात, मूल बाहेर पडायच्या दोन महिने आधी पुढचा आराखडा समितीला सादर करावा. दोन महिन्यांत तर आधारवरचं नावही नीट होत नाही! तू वर्षभर आधीपासून मागे लाग. प्रत्येकाच्या फाईलमध्ये वैयक्तिक काळजी आराखडा असतो. बहुतेक वेळा "मुलाची शिक्षणात रुची आहे" एवढंच वाक्य सगळ्यांच्या आराखड्यात सापडतं. समुपदेशकांना आणि अधीक्षकांना भेटून तो मुलाला समोर बसवून पुन्हा लिहून घे. ते लोक वाईट नसतात ग, कामाखाली दबलेले असतात. भांडायला गेलीस तर दार बंद होईल, मदतीला गेलीस तर खुर्ची मिळेल.

एखादा मुलगा दिव्यांग असेल तर त्याची गोष्ट वेगळी. अमरावती जिल्ह्यातल्या वझ्झरचे शंकरबाबा पापळकर, ज्यांना २०२४ साली पद्मश्री मिळाली, ते हेच सांगत आले आहेत की दिव्यांग बेवारस मुलांना अठराव्या वर्षी बाहेर काढू नये, तसा कायदा करावा. तोवर अशा मुलासाठी समितीकडे वेगळा आग्रह धरावा लागेल.

मुलींबद्दल स्पष्ट लिहितो. अठरा झाल्याबरोबर "चांगलं स्थळ आलंय" म्हणणारे लोक येतील. त्यात संस्थेचे हितचिंतकही असतील. लग्नाला माझा विरोध नाही, पण लग्न म्हणजे पुनर्वसन, ही कल्पना मला मान्य नाही. मुलीनं आधी काही महिने स्वतःचा पगार स्वतःच्या खात्यात पाहावा, मग काय ते ठरवावं. माहेर नसलेल्या मुलीला सासरहून परत यायला जागा कुठे आहे, हा प्रश्न स्थळ आणणाऱ्याला तू बेधडक विचार.

खोलीचं सांगायचं राहिलंच. हिंगणा एमआयडीसीत काम लागलं तर लोकमान्यनगरपर्यंत मेट्रो आहे, तेव्हा खोली थोडी लांब असली तरी चालते. एकट्यापेक्षा दोघं-तिघं मिळून घ्यावी. घरमालक डिपॉझिटच्या आधी विचारतो, "गाव कोनतं? आडनाव काय? वडील काय करतात?" याची तालीम करून घे. खोटं बोलायला शिकवू नकोस, सगळं सांगायलाही लावू नकोस. "मी संस्थेत शिकलो, आता अमुक कंपनीत आहे, या ताईंचा नंबर घ्या," एवढं पुरतं. कूलरचं लाईटबिल वेगळं का, हे जानेवारीतच विचारून घ्यायला सांग. मे महिन्यात ४५ अंशांत कूलरशिवाय झोपता येत नाही, आणि तेव्हा भांडण करून उपयोग नसतो.

नोकरी लागली की दुरावलेले नातेवाईकही येतात. काका येतो, आई येते, कधी फक्त पैशासाठी, कधी खरंच पोटातून. मुलगा पहिला पगार उचलून देईल. तू मध्ये पडू नकोस. एवढंच विचार, "भाडं बाजूला ठेवलंस ना?"

आणि तुझा फोन चालू ठेव. इतर पोरांना काम कुणाच्या तरी ओळखीनं लागतं, मामा सांगतो, शेजारी सांगतो. यांच्या ओळखीची तू एकटी. रात्री दहाला "ताई, मले ताप आला, कोनती गोळी घेऊ?" असा फोन येईल. दिवाळीत कंपनीला सुट्टी लागली, सगळे गावी गेले, की तेव्हाही येईल. सगळे फोन तुला उचलता येणार नाहीत, म्हणून बाहेर पडलेल्या जुन्या मुलांना नव्यांशी जोडून दे. त्यांचं ते एकमेकांचं बरोबर बघतात.

दहावीचा निकाल लागला की आयटीआयचे ऑनलाईन फॉर्म सुरू होतील आणि तहसीलमध्ये दाखल्यांसाठी गर्दी उसळेल. त्याआधी ज्यांना जातीचे, उत्पन्नाचे, अधिवासाचे दाखले लागतात त्यांचे अर्ज टाकून घे. वर्कशॉप बघायला आणायचं असेल तर आधी कळव, माझे जुने सहकारी अजून तिथे आहेत, सांगून ठेवतो. शनिवारी आणू नकोस, मशीनं बंद असली तर काही दिसणार नाही.

तुझा,
काका