‘हिमपिसू’ आणि ‘गोठून राहतो’

प्रश्न असा आला आहे : अंटार्क्टिकातल्या ‘क्रिप्टोपायगस अंटार्क्टिकस’ या स्प्रिंगटेलला (उड्या मारणाऱ्या, बिनपंखी, सहा पायांच्या इवल्या प्राण्याला) ‘हिमपिसू’ म्हणावे का? आणि ‘हा कीटक हिवाळाभर गोठून राहतो’ हे वाक्य चालेल का?

‘हिमपिसू’ नको. पिसू रक्तावर जगते. हा एक-दोन मिलिमीटरचा काळपट प्राणी शैवाल आणि बुरशी खातो, आणि राहतो मॉसच्या थरात, दगडांखाली. उड्या दोघेही मारतात, पण पिसू पायांच्या जोरावर उडते. स्प्रिंगटेलच्या पोटाखाली बेचकीसारखा अवयव दुमडून एका आकड्यात अडकवलेला असतो. आकडा सुटला की तो जमिनीवर आपटतो आणि प्राणी हवेत फेकला जातो. ‘स्प्रिंगटेल’ हाच शब्द मराठीत खुशाल वापरावा. ‘कीटक’ बोलण्यात खपेल, पण याचे मुखावयव डोक्याच्या आत दडलेले असतात आणि उदराचे खंड सहाच, म्हणून शास्त्रीय लेखनात ‘षट्पाद प्राणी’ म्हणणे बरे.

खरी चूक ‘गोठून’मध्ये आहे. याच्या अंगात बर्फ झाला की तो मरतो. तो जगतो ते न गोठल्यामुळे : शरीरातले पाणी शून्याच्या बरेच खाली जाऊनही द्रवच राहते. यालाच अतिशीतन म्हणतात. यात घात करते ते भरलेले पोट. आतड्यातल्या अन्नकणांभोवती बर्फाचे स्फटिक धरू लागतात, त्यामुळे खाता-पिता प्राणी उणे १० अंशांच्या आधीच गोठू शकतो. रिकाम्या पोटी तोच उणे २५च्या आसपास टिकतो. कात टाकताना आतड्याचे अस्तरही पडते आणि पोट साफ होते, म्हणून कात टाकण्याचा काळ थंडीत पथ्यावर पडतो. जोडीला पाणी सहजी गोठू न देणारी ग्लिसरॉलसारखी द्रव्ये अंगात साठतात.

तेव्हा ‘हिवाळाभर गारठून राहतो’ असे लिहावे. गारठण्यात हालचाल मंदावते, बर्फ होत नाही.

मात्र हे वाक्य सगळ्या ध्रुवीय स्प्रिंगटेलना लावू नये. आर्क्टिकमधल्या स्वालबार्डचा ‘मेगाफोरुरा आर्क्टिका’ अंगातले पाणी त्वचेवाटे भोवतालच्या बर्फाला देऊन टाकतो आणि आक्रसतो. गोठण्याजोगे पाणी उरतच नाही. त्याच्यासाठी क्रियापद ‘सुकणे’. त्याला उडीचा अवयवही नसतो, म्हणून साऱ्या गटासाठी ‘उडीशेपट्या’ वगैरे नवा शब्द घडवला तर तो याच्यापाशी अडेल.