स्कॉटलंडमधल्या लॉख लोमंड सरोवरातल्या इंचकॅलख बेटासाठी अर्धा दिवस ठेवावा का? सोबत सत्तरीची आई आहे.

ठेवाच. मी पवईचा. तलावाकाठीच वाढलो, म्हणून ग्लासगोला गेल्यावर पहिल्यांदा ओढ लागली ती पाण्याचीच. आईला घेऊन मे महिन्यात गेलो होतो. काठावरच्या बालमाहा गावाहून छोटी होडी मिळते, पाच-सात मिनिटांत पलीकडे. वारा असला की फेरी बंद ठेवतात, तेवढं आधी विचारून घ्या.

आता बेटाबद्दल. ओकची दाट झाडी, खाली निळ्या घंटाफुलांचा गालिचा. वाटतं, हे अनादि काळापासून असंच असणार. तसं नाही. अठराव्या शतकात इथे शेती होती. पुढे ओक लावले ते सालीसाठी. आपल्याकडे बाभळीच्या सालीने कातडं कमावत, तिथे ओकच्या. झाड बुडाशी तोडायचं, फुटवे वाढू द्यायचे, सुमारे 24 वर्षांनी पुन्हा तोड. सालीची मागणी संपली, कुऱ्हाड थांबली आणि ते पीक हळूहळू रान झालं. एकाच बुडातून दोन-तीन खोडं निघालेली दिसली की थांबा, तो जुना घाव आहे. मला त्या बेटावर सगळ्यात जास्त हेच आवडलं.

तिथल्या गेलिक भाषेत कॅलख म्हणजे म्हातारी, किंवा डोक्यावरून वस्त्र घेतलेली जोगीण. आठव्या शतकातल्या संत केंटिगर्ना यांच्यावरून हे नाव पडल्याचं मानतात. जुन्या चर्चच्या जोत्याभोवती दफनभूमी आहे. मॅकग्रेगर घराण्याच्या लोकांना इथे पुरलं आहे. शेवटचं दफन 1947 सालचं. शेवाळलेल्या दगडांमध्ये आई बराच वेळ नुसती बसून होती.

आईंना खालच्या वाटेने न्या, धक्क्यापासूनचा चढ मात्र सावकाश. तुम्ही स्वतः माथ्यावर जाऊन याच. स्कॉटलंडचा डोंगराळ भाग (हायलँड) आणि सखल भाग (लोलँड) यांना वेगळं करणारा भूस्तरभंग, म्हणजे जमिनीच्या थरांतली मोठी भेग, या बेटातूनच जातो. वरून पाहिलं की समोरची बेटं आणि मागची कॉनिक टेकडी एका रेषेत दिसतात, ती हीच रेष. आईंना तुम्ही येईपर्यंत दफनभूमीपाशी बसू द्या.

बेटावर दुकान नाही. प्यायचं पाणी, खाणं आणि थर्मासमध्ये चहा सोबतच न्या. आणि शेवटची होडी किती वाजता, हे उतरतानाच होडीवाल्याला विचारा.