विश्रामबागेत घर बांधतोय, पहिल्या मजल्यावर जकुझी टब बसवायचाय. वॉटर जेट घ्यावा की एअर जेट, आणि किती जेटचा?

सहा जेट पुरे. गुडघे-कंबर दुखते म्हणून घेत असाल तर वॉटर जेट, नुसतं आरामात पडायचं असेल तर एअर जेट. पण तुम्ही एवढं सगळं विचारलंत आणि टबाच्या पंपाला दुरुस्तीसाठी हात कुठून घालायचा हे विचारलं नाहीत. कुणीच विचारत नाही. मी सांगलीत बावीस वर्षं प्लंबिंगची कामं घेतो, आणि याच एका गोष्टीवरून आमच्या नात्यात चार वर्षं धुसफूस चालू आहे. म्हणून जरा सविस्तर लिहितो.

आमचे थोरले साडू हळदीचे व्यापारी. मार्केट यार्डात पेढी, दिवसभर गादीवर मांडी घालून बसायचं, त्यात गुडघे गेले. महाबळेश्वरला एका हॉटेलात दोन दिवस टबात बसले आणि ठरवूनच परत आले. बंगल्याचं काम चालूच होतं. टब आणला, प्लंबिंग मी केलं, घरचं काम म्हणून मजुरी धरली नाही. टबापुढं विटांची बुटकी भिंत उचलून तिला फरशी लावतात. त्या भिंतीत पंपासमोर दीड फूट बाय दीड फुटाची खिडकी मी गवंड्याकडून सोडून घेतली. वर फरशीचंच सुटं झाकण बसणार होतं. इंटिरियरवाला आला आणि म्हणाला, मार्बलची रेघ मधेच तुटते. साडूंनी मला न विचारता खिडकी बुजवून घेतली. मी बोललो तर म्हणाले, "पाहुणं, दिसण्यातलं तुम्हाला नाही कळायचं."

दुसऱ्या वर्षी दिवाळीच्या तोंडावर खालच्या दिवाणखान्यात पीओपीवर ताटाएवढा पिवळा डाग पडला. मला बोलावणं आलं. सात फरश्या फोडल्या. हात आत घातला तर पंपाखाली बोटभर पाणी, कुबट वास, आणि युनियनचा, म्हणजे पंप-पाइपच्या खोलता येणाऱ्या जोडाचा, आटा नुसत्या हातानं पाव फेरा फिरला. आतली रबरी रिंग एका बाजूनं चपटी झालेली. खिडकी असती तर दहा मिनिटांचं काम होतं. फोडलेल्या भिंतीत माझी खिडकी मात्र जशीच्या तशी निघाली. चारी कडा सरळ, मधे नंतर कोंबलेले विटांचे तुकडे. मी साडूंना बोलावून त्या कडा दाखवल्या. तिकडं न बघता ते म्हणाले, "फिटिंगच ढिलं राहिलं होतं." पाच माणसांसमोर. तेव्हापासून बारसं असो नाहीतर वास्तुशांत, हे वाक्य निघतंच. त्या मार्बलचा लॉटही पुन्हा मिळाला नाही, सात फरश्या वेगळ्या दिसतात, त्याचं खापरही माझ्यावर.

त्याचं उत्तर इथं देतो. पंप चालला की थरथरतो. गरम पाण्यानं पाइप फुगतो, निवला की आकसतो. कुणीही आवळलेलं युनियन कधी ना कधी पुन्हा आवळावं लागतंच. खोलता यावं म्हणूनच ते तिथं असतं, नाहीतर सॉल्व्हंट लावून जोड कायमचा चिकटवला असता. जकुझी हे घराणंही मुळात पंपवाल्यांचंच, कॅलिफोर्नियातलं. कँडिडो जकुझींच्या मुलाला लहानपणी संधिवात झाला, त्यावर उपाय म्हणून त्यांनी साध्या टबात सोडायचा सुटा पंप तयार केला आणि १९५६ मध्ये तो विकायला आला. जेट टबाच्या अंगातच बसवले ते रॉय जकुझींनी, १९६८ मध्ये. म्हणजे आधीचा पंप उचलून दुरुस्तीला नेता येत होता. आपण तोच भिंतीत गाडतो आणि गळाला की प्लंबरला धरतो.

आता तुमचं. वॉटर जेटमध्ये टबातलंच पाणी पंप ओढतो आणि हवा मिसळून जोरानं परत मारतो. टब रिकामा केला तरी पाइपात थोडं पाणी राहतं. महिनाभर वापर नसला की जेटमधून काळे पापुद्रे येतात. तेल-उटण्याचं अभ्यंगस्नान या टबात अजिबात नको. साडूंच्या नातवंडांनी ते केलं होतं, एकेक जेट काढून धुवावा लागला. पाणी जेटच्या खाली असताना पंप सुरू केलात तर सील जळतं. एअर जेटमध्ये पाइपातून फक्त ब्लोअरची हवा येते, टब रिकामा झाल्यावर ब्लोअर चालवला की भोकं वाळतात. पण मारा मऊ, आणि पाणी लवकर निवतं. बोअरचं खारं पाणी दोन्हींत नको, तोंडं पांढरी होऊन बुजतात.

गिझर मोठा लागतो. टबाला २०० लिटर धरा. थंडीत टाकीतलं पाणी २० अंश असेल, तर ४० अंशाला आणायला ६० अंशाचं १०० लिटर मिसळावं लागतं. २५ लिटरच्या गिझरवर पाव टब भरतो, दुसरी खेप तापेपर्यंत पहिली निवते. विजेवर एका आंघोळीला साडेचार-पाच युनिट जातात. सोलर असेल तर उत्तम.

दोन-तीन गोष्टी राहिल्या. पाणी, टब आणि माणूस मिळून सव्वातीनशे किलो, तेही पाच बाय अडीच फुटांत. घरातल्या बाथरूमच्या स्लॅबला मानकाप्रमाणे चौरस मीटरला साधारण २०० किलो वापरभार धरतात, इथं तो २८० पर्यंत जातो. तुमच्या आरसीसी इंजिनिअरला आत्ताच सांगा. पंपाला वेगळा एमसीबी (जादा करंट आला की वीज तोडणारा स्विच), ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी (करंट गळला की वीज तोडणारा स्विच) आणि खरं अर्थिंग. बीपी, हृदयविकार असेल किंवा घरात गरोदर बाई असेल तर आधी डॉक्टरांना विचारा. आणि गुडघ्यांसाठी घेत असाल तर काठाची उंची मोजा, शेजारी भिंतीला दांडी बसवा. साडू आता धरल्याशिवाय टबात उतरत नाहीत.

ऑर्डर देताना पंप कुठल्या टोकाला येतो ते विचारा. ते टोक कोपऱ्यात जात असेल तर डाव्याचा उजवा मागून घ्या. आणि टबापुढची भिंत उचलतील त्या दिवशी स्वतः तिथं उभे राहा.