न्यायालयाचा आदेश असूनही कार्यालय पैसे देत नाही, अवमान याचिका करावी का?

उच्च न्यायालयाने थकबाकी द्यायला सांगितली, मुदत संपून पाच महिने झाले आणि घरचे म्हणतात ‘साहेबांना कशाला दुखवायचं’, असं तुम्ही लिहिलंय. याचिका करा. याच महिन्यात करा.

माझे वडील शिक्षक होते. वेतनश्रेणीचा फरक तीन महिन्यांत द्या, असा आदेश झाला होता. मुदत उलटली, छदाम आला नाही. थोरले मेहुणे सरकारी नोकरीत. ते म्हणाले, “अवमानात गेलात की साहेब डूख धरतो. मी बोलून बघतो.” त्यांच्या बोलण्यात सात महिने गेले. वडील दर सोमवारी आदेशाची झेरॉक्स घेऊन लेखा विभागात बसायचे. “गुरुजी, वरून पत्र आलं नाही,” एवढंच ऐकून परत यायचे. चाळीस पोरांचा वर्ग नजरेने गप्प करणारा माणूस तिथे बाकाच्या कडेला अंग चोरून बसलेला मी पाहिलाय. त्या दिवशी घरी येऊन मी वकिलांना फोन केला.

अधिकाऱ्याने आधी ‘आदेशाची प्रत मिळाली नाही’ असं सांगून पाहिलं. वडिलांनी पहिल्याच आठवड्यात पत्र देऊन पोच घेतली होती, तिच्यावर आवक शिक्का होता. त्या कागदाने आम्हाला वाचवलं. कोर्टाने पुढच्या तारखेला जातीने हजर राहा म्हटल्यावर बिनशर्त माफीचं प्रतिज्ञापत्र आलं, पैसेही आले.

मेहुण्यांचं दुसरं म्हणणं, ‘मोठ्यांना कोण हात लावतो?’ २००६ साली आरागिरण्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने प्रकरण घडलं तेव्हा महाराष्ट्राचे वनमंत्री असलेले स्वरूपसिंह नाईक आणि खात्याचे तेव्हाचे प्रधान सचिव, दोघांनाही महिनाभराची कैद सुनावली होती. कायद्यात शिक्षा सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. दंडाला कोणी भीत नाही. नावानिशी कोर्टात उभं राहायला भितात. म्हणून याचिकेत अधिकाऱ्याचं नाव घाला, नुसतं पद नको. बदली झाली असेल तर मुदतीत खुर्चीवर कोण होतं ते शोधून काढा.

१९७१ च्या न्यायालय अवमान कायद्याच्या कलम २० प्रमाणे अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत जावं लागतं. तुमचे पाच महिने गेलेत.

एक मात्र आधी तपासा. आदेशात ‘रक्कम द्या’ आहे की ‘अर्जावर निर्णय घ्या’? दुसरं असेल तर त्यांनी अर्ज फेटाळला तरी आदेश पाळला असंच धरतात, मग नव्याने रिट याचिका करावी लागते. अपिलात स्थगिती मिळाली असेल तर थांबावं लागेल. आणि मूळ आदेशात नसलेलं काही अवमानात पदरात पडत नाही. आमच्या आदेशात व्याज लिहिलेलं नव्हतं, ते मिळालं नाही.

मेहुणे अजूनही सांगतात, पैसे त्यांच्या शब्दामुळे आले. बिलावरची तारीख हजर राहण्याची नोटीस पोचल्यानंतरच्या चौथ्या दिवसाची आहे.