कुरासावला येताय आणि फुटबॉलचं वेड आहे, मग आधी तिथली लीग समजून घ्या

दादा, तुमचा प्रश्न वाचला. विलेमस्टाडमध्ये, म्हणजे या कॅरिबियन बेटाच्या राजधानीत, एका हॉटेलात अकाउंट्सची ऑफर आलीय, बायको आणि आठ वर्षांचा मुलगा सोबत येणार, तुम्ही कोल्हापूरच्या मंगळवार पेठेतले म्हणजे पाटाकडील तालमीच्या टीमचे कट्टर, आणि कुरासाव वर्ल्ड कपला क्वालिफाय झालं हे बघून मनाने अर्धे इकडे पोचलात सुद्धा. विचारलंय की तिथं रोजचं फुटबॉल कसं आहे, स्टेडियमला जाऊन बघता येतं का, पोराला खेळता येईल का आणि तुम्हाला स्वतःला लीगमध्ये कुठं चान्स मिळेल का. मी पण कोल्हापूरचीच, राजारामपुरीतली, काही वर्षं इथं नोकरी करतेय, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

सगळ्यात आधी एक गोष्ट डोक्यात पक्की करा, नाहीतर इथं येऊन हिरमोड होईल. टीव्हीवर दिसते ती नॅशनल टीम आणि बेटावरची लीग या दोन पूर्ण वेगळ्या गोष्टी आहेत. 18 नोव्हेंबर 2025 ला किंग्स्टनमध्ये जमैकाशी 0-0 झालं आणि जेमतेम दीड लाख वस्तीचं हे बेट वर्ल्ड कपला पोचलं, इतका छोटा देश आजवर कधीच गेला नव्हता, याआधीचा रेकॉर्ड आइसलँडचा होता आणि त्यांची लोकसंख्या पण साडेतीन लाखाच्या घरात. शेवटच्या मिनिटांत जमैकाला पेनल्टी दिली होती ती व्हीएआरने, म्हणजे व्हिडिओ बघणाऱ्या रेफरीने, रद्द केली तेव्हा आमच्या गल्लीत जो आवाज झाला तो मी जन्मात विसरणार नाही. पण त्या टीममधली जवळजवळ सगळी पोरं नेदरलँड्समध्ये जन्मलेली, तिथल्या क्लबांच्या अकॅडमीत तयार झालेली. लिआंद्रो आणि जुनिन्यो हे बाकुना बंधू खोनिंगनचे, गोलकीपर एलोय रूम नायमेखनचा. ताहिथ चाँग तेवढा इथं विलेमस्टाडमध्ये जन्मला आणि तोही लहानपणीच रॉटरडॅमला फेयनूर्द क्लबकडे गेला. म्हणजे आई-वडील, आजी-आजोबा इथले आणि खेळ तिकडचा. लोकांना त्याचा अभिमान आहेच आणि तो खरा आहे, 2026 च्या वर्ल्ड कपला जर्मनी, इक्वेडोर आणि आयव्हरी कोस्टच्या गटात नाव आलं तेव्हापासूनच निळे टीशर्ट दिसायला लागले. पण तुम्ही इथं राहायला आलात की आठवड्याला जे बघणार ते हे नाही, ते म्हणजे प्रोमे दिविशॉन, इथली टॉप लीग. जुने लोक अजून तिला सेक्शॉन पागा म्हणतात.

ही लीग 444 चौरस किलोमीटरच्या बेटावर चालते, म्हणजे अवे मॅच म्हटली तरी गाडीने जाऊन रात्री जेवायला घरी. दहाच्या आसपास टीम असतात. योंग हॉलंड, योंग कोलंबिया, स्खेर्पनह्यूवल, सेंट्रो दोमिंगीतो, सिथोक, एसयूबीटी, व्हेस्टा, उन्देबा, इंटर विलेमस्टाड अशी नावं कानावर पडतील, यातली एखादी खालच्या डिव्हिजनला गेलेली असते एखादी वर आलेली. बऱ्याच क्लबांच्या नावापुढे आरके असतं, म्हणजे रोमन कॅथलिक, कारण हे क्लब चर्चच्या आणि त्याभोवतीच्या वस्तीच्या आधाराने उभे राहिले. तुम्हाला हे समजवायला फार लागणार नाही, आपल्याकडे तालमीभोवती पेठ आणि पेठेभोवती टीम उभी राहते, इथं चर्च आणि बारिओ म्हणजे वस्ती. शाहू स्टेडियमवर पाटाकडील-दिलबहार मॅचला बसलेल्या माणसाला इथल्या स्टँडमध्ये परकं वाटत नाही एवढं मी खात्रीने सांगते, फक्त गर्दी तेवढी शोधू नका. साध्या लीग मॅचला बरेचदा खेळाडूंचे घरचे, गल्लीतले लोक आणि जुने खेळाडू एवढेच असतात. कोल्हापूरसारखं हलगी-फटाके आणि भरलेली गॅलरी रोज नाही मिळणार. ती मिळते सीझनच्या शेवटी.

सीझनची रचना वेगळी आहे आणि पहिल्या वर्षी मला ती कळायलाच वेळ लागला. आधी साधी लीग, सगळे सगळ्यांशी. मग वरचे सहा पुढच्या फेरीत, तिला म्हणतात काया 6. त्यातले चार काया 4 ला. आणि त्यातले वरचे दोघं फायनलला. म्हणजे पॉइंट्स टेबलमध्ये पहिला आलास म्हणून चॅम्पियन झालास असं नाही, शेवटी एक मॅच जिंकायलाच लागते. काही लोकांना हे अन्यायाचं वाटतं, महिनोन् महिने वर राहून एका रात्रीत जातं म्हणून. मला स्वतःला आवडतं, कारण छोट्या बेटावर दोन-तीन क्लब तगडे असले की सरळ लीग मध्येच संपून जाते, इथं सहाव्या नंबरसाठी पण लोक जीव तोडून खेळतात. सातवा आलेला क्लब मात्र लवकर घरी बसतो. अजून एक, सीझन दरवर्षी ठरलेल्या एकाच महिन्यात सुरू होईल असं धरून चालू नका, पुढेमागे होतं, कार्निव्हलच्या दिवसांत तर सगळं बेटच रस्त्यावर असतं. एफएफके म्हणजे इथल्या फेडरेशनच्या पेजवर वेळापत्रक येतं, तेच बघायचं.

मॅचेस संध्याकाळी-रात्री असतात, दिवसा ऊन सोसवत नाही. आणि वारं! हे कुणी आधी सांगत नाही. इथं वर्षभर पूर्वेकडून ट्रेड विंड वाहतो, झाडं सुद्धा एका बाजूला झुकून वाढलेली दिसतील. हा वारा मॅच ठरवतो. एका काया 4 च्या मॅचला मी गोलच्या मागच्या बाजूला बसले होते, पहिल्या हाफमध्ये आमच्याकडचा गोलकीपर वाऱ्याच्या तोंडावर होता, एकदा उंच किक मारली तर बॉल हवेत थबकल्यासारखा झाला आणि त्याच्याच पेनल्टी एरियाच्या जरा पुढं पडला. त्यानंतर त्याने हाफटाइमपर्यंत एकही उंच किक मारली नाही, प्रत्येक वेळी हाताने घरंगळत राइट बॅकला, राइट बॅककडून मिडफिल्डला, सगळं जमिनीलगत. बाजू बदलल्या आणि मग समोरच्या टीमला तेच करायला लागलं, पण त्यांना ते जमेना, लाँग बॉल मारत राहिले आणि वाऱ्याने सगळे परत आणले. शेजारी बसलेल्या काकांनी हाफटाइमलाच मला सांगितलं होतं की ही मॅच कोण जिंकणार, आणि तसंच झालं. इथं वाढलेला खेळाडू ओळखायचा तर तो वाऱ्यात बॉल कसा खाली ठेवतो ते बघा.

मोठ्या मॅचेस एर्खिलिओ हातो स्टेडियमवर होतात, दहा हजारांच्या आसपास लोक बसतील एवढं, जुनी माणसं त्याला अजून एसडीके म्हणतात. ज्याचं नाव दिलंय तो एर्खिलिओ हातो चाळीस-पन्नासच्या दशकातला गोलकीपर, ब्लॅक पँथर म्हणायचे त्याला, आणि त्याच्याबद्दल बोलताना इथल्या म्हाताऱ्यांचे डोळे अजून चमकतात. या बेटाचं फुटबॉल 2025 मध्ये जन्मलं असं तिकडच्या बातम्या वाचून वाटतं, ते साफ चूक आहे. 1963 आणि 1969 ला नेदरलँड्स अँटिलीस, म्हणजे तेव्हाची डच कॅरिबियन बेटं, या नावाने ही मंडळी कॉनकाकॅफ म्हणजे उत्तर-मध्य अमेरिका आणि कॅरिबियनच्या स्पर्धेत तिसरी आली होती. आणि योंग कोलंबिया हा बोका सामी नावाच्या मच्छीमारांच्या गावचा क्लब 1967 आणि 1979 ला कॉनकाकॅफ चॅम्पियन्स कपमध्ये उपविजेता होता, म्हणजे मेक्सिको, अमेरिका, मध्य अमेरिका सगळे धरून दुसरा! एवढंसं गाव. बोका सामीला मासे खायला जालच, तेव्हा तिथल्या कुणालाही 1979 विचारून बघा, तासभर सुटका नाही.

आपल्यालाही यांनी एकदा हरवलंय, आठवतंय का? 5 जून 2019, थायलंडमध्ये किंग्स कप, भारत 1 कुरासाव 3, आपला एकमेव गोल छेत्रीची पेनल्टी. पुढे फायनलमध्ये व्हिएतनामला पेनल्टी शूटआउटवर हरवून कप यांनीच नेला. इथं मी भारतातली म्हटल्यावर फुटबॉलवाले हमखास ती मॅच काढतात, तुम्हालाही ऐकायला लागेल.

आता तुमच्या चान्सचं. खरं सांगते, लीग खेळून पोट भरेल असं इथं नाही. बहुतेक खेळाडू दिवसा नोकरी करतात आणि संध्याकाळी प्रॅक्टिसला येतात, त्यामुळे फिटनेस बरा असला तरी युरोपची शिस्त धरू नका, पण टेक्निक चांगलं असतं. तुम्ही तिशी ओलांडलेली, टॉप डिव्हिजनचं स्वप्न बाजूला ठेवा. संध्याकाळी हौशी लोक खेळतात, व्हेटरन्सची टीम असते, तिथं नक्की घेतील. फक्त एक लक्षात ठेवा, तुमचं वर्क परमिट त्या हॉटेलशी जोडलेलं असणार, त्यामुळे कुणी क्लबने प्रवासखर्च म्हणून का होईना पैसे देऊ केले तरी आधी एचआरला विचारल्याशिवाय घेऊ नका.

मुलाचं मात्र अगदी बिनधास्त करा. क्लबांच्या लहान मुलांच्या टीम असतात, आणि माझ्या बघण्यात तरी नवीन आलेल्या मुलाला या बेटाची दारं उघडतात ती शाळेत नाही, मैदानावर. शाळेत डच आणि पापियामेंतु, म्हणजे इथली बोली, दोन्हीचा मारा होतो, पोरं पहिले काही महिने गप्प होतात. मैदानावर दोन आठवड्यांत ओरडायला लागतात. बेसबॉल पण इथं जबरदस्त आहे, मोठमोठे मेजर लीग खेळाडू या बेटाने दिलेत, त्यामुळे कोच लोक पोरांना दोन्हीकडे ओढतात, बघा त्याला काय आवडतंय.

तुमच्यासाठी पण माझं सांगणं तेच आहे. इथं आपले सिंधी व्यापारी पुंडात, म्हणजे विलेमस्टाडच्या जुन्या बाजारभागात, कित्येक पिढ्या आहेत, सुरिनामचे हिंदुस्तानी लोक आहेत, त्यांच्याकडे रोटी आणि बारा नावाचा वडा मिळतो, आधार मिळेल, सण साजरे होतील. पण तेवढ्यावरच थांबलेली कुटुंबं मी बघितलीत, पाच-पाच वर्षं राहून शेजाऱ्याचं नाव माहीत नाही. तुम्ही एक क्लब धरा आणि पूर्ण सीझन त्याच्या मॅचेसना जा, हरला तरी जा. त्याच त्याच बाकावर तीच तीच माणसं, तिसऱ्या-चौथ्या मॅचला कुणीतरी पास्तेची, म्हणजे सारण भरलेली तळलेली करंजी, हातात देतं, मग विचारतं कुठले, काय करता. मला गाडी कुठून घ्यायची, घरमालकाशी कसं बोलायचं, डॉक्टर कोण बरा, हे सगळं स्टँडमध्ये कळलं. स्टेडियममध्ये शिरल्यावर बोन नोची म्हणजे शुभ रात्री म्हणायचं, सगळ्यांना, ओळख असो नसो. न बोलता जाऊन बसलं की उद्धट समजतात.

बाकी व्यवहाराचं पटकन सांगते. नेदरलँड्सच्या राज्याचा भाग असलं तरी हे शेंगेनमध्ये, म्हणजे युरोपच्या एका व्हिसावर फिरता येणाऱ्या देशांत, नाही, इथलं रहिवासी परमिट घेऊन युरोपात नोकरी करता येईल असं कुणी एजंट सांगत असेल तर त्याला दारातूनच परत पाठवा. परमिटची प्रोसेस हॉटेलच्या मार्फत होईल, पण तुमचे जन्मदाखले, लग्नाचा दाखला, पोलीस क्लिअरन्स यांच्यावर अपोस्टिल, म्हणजे परदेशात चालणारा सरकारी शिक्का, तिकडूनच करून आणा, इथं बसून करणं फार त्रासाचं. 31 मार्च 2025 पासून नवीन चलन आलंय, कॅरिबियन गिल्डर, एका डॉलरला 1.79, रेट फिक्स आहे. ऑफर लेटरमधला आकडा डॉलरमध्ये आहे की गिल्डरमध्ये ते नीट बघा आणि हातात किती येणार ते लेखी घ्या. जवळपास सगळं बाहेरून येतं म्हणून भाजीपाला महाग, पाणी समुद्राचं गोड केलेलं, चवीला छान पण बिल बघून घाम फुटतो, वीजही तशीच, एसी जपून. गाडीशिवाय चालत नाही, आणि गाडी उजव्या बाजूने चालवायची. चक्रीवादळाच्या पट्ट्याच्या बाहेर आहे बेट, त्याची भीती घरच्यांना घालू नका. वेळ भारताच्या साडेनऊ तास मागे, म्हणजे इकडे रात्री आठला मॅच सुरू झाली की तिकडे पहाटेचे साडेपाच, आणि आपली कोल्हापूरची केएसए लीगची दुपारची मॅच बघायची तर तुम्हाला पहाटे उठायला लागेल. मी उठते.

पोराचे फुटबॉल शूज दोन साइज पुढचे पण घेऊन या, इथं मोजके आणि महाग मिळतात. मैदानं बरीचशी टर्फची किंवा कडक मातीची आहेत, लांब स्टडचे नकोत, छोट्या रबरी स्टडचे घ्या.

घर कुठल्या भागात मिळतंय ते कळलं की लिहा. बांदा अबाऊकडे म्हणजे पश्चिमेला असेल तर उन्देबा तुमच्या दारातला क्लब, बोका सामीच्या बाजूला असेल तर प्रश्नच नाही, योंग कोलंबिया. शहरात असेल तर दोन-तीन पर्याय आहेत, त्यातल्या कुणाकडे आठ वर्षांच्या मुलांची बॅच चालू आहे ते मी विचारून ठेवते.